ठाण्याच्या पावसात सक्युलंट : दोन पावसाळ्यांचा हिशेब

दसऱ्याच्या दिवशी कुंड्या मोजल्या. मे महिन्यात २६ होत्या, आता २३ आहेत. आदल्या वर्षी, २०२४ च्या पावसाळ्याआधी १४ होत्या आणि गणपती यायच्या आत ५ उरल्या होत्या. मधल्या काळात काय बदललं ते सगळं तारखांसकट लिहून ठेवते आहे. आमच्याकडे, म्हणजे ठाणे-मुंबई-कोकणपट्टीत, सक्युलंट, म्हणजे पानांत-खोडांत पाणी साठवणारी मांसल झाडं, हौसेने आणली जातात आणि जुलैत गुपचूप कचऱ्यात जातात. माणसाला वाटतं, आपल्याच हाताला गुण नाही. मलाही तसंच वाटलं होतं आणि ते वाटणं फार लागलं होतं.

सुरुवात फेब्रुवारी २०२४ ची. राणीच्या बागेतलं पुष्पप्रदर्शन बघून येताना एक हावर्थिया घेतली, ८० रुपयांना. बोटाच्या पेराएवढी जाड पानं, आणि पानांची टोकं काचेसारखी आरपार. खिडकीत धरली की आत हिरवा उजेड साठल्यासारखा दिसतो. दक्षिण आफ्रिकेत हे झाड जमिनीत जवळजवळ बुडून राहतं, नुसती टोकं वर असतात, आणि त्या काचेतून उजेड आत खोलवर जातो. हे वाचल्यावर मी पुरती अडकले. मग घोडबंदर रोडच्या नर्सरीतून जेड, घोस्ट प्लांट आणि एक अडेनियम आणलं. एप्रिलमध्ये ऑनलाइन खोकं मागवलं : नऊ एचेव्हेरिया (गुलाबाच्या फुलासारखा पानांचा तुरा असलेल्या) आणि एक लिथॉप्स, कुरिअरसकट १,६४० रुपये. झाडं कालिम्पाँगहून निघाली आणि सहाव्या दिवशी घरी आली, मुळं मोकळी, वर्तमानपत्रात गुंडाळलेली. प्रवासाचा त्यांना फारसा त्रास झाला नव्हता. सक्युलंट आठवडाभर मातीशिवाय सहज राहते, त्यामुळे खोकं उशिरा आलं म्हणून घाबरू नका. मी घाबरले, आणि आल्या आल्या लावून भरपूर पाणी घातलं. ही पहिली चूक. प्रवासात मुळं तुटलेली असतात. कोरड्या मातीत लावून पाच-सात दिवस पाणी न घालता ठेवलं की जखमा सुकतात. ओल्या मातीत त्याच जखमांमधून बुरशी आत शिरते.

दुसरी चूक उन्हाची. सक्युलंट वाळवंटातली, तिला ऊन हवंच, असं म्हणत मी ती नवी झाडं एप्रिलच्या भर उन्हात पश्चिमेच्या ग्रिलमध्ये ठेवली. तिसऱ्या दिवशी पानांवर तपकिरी, खोलगट डाग पडले. तो चटका पान गळेपर्यंत तसाच राहतो. खरं तर एचेव्हेरिया मेक्सिकोच्या डोंगराळ भागातली, दिवसा ऊन आणि रात्री गारवा असलेल्या हवेतली. शिवाय माझी झाडं नर्सरीत हिरव्या जाळीखाली वाढलेली. नव्या झाडाला आधी सकाळचं दोन तास ऊन, मग आठवड्याला तासभर वाढवत न्यायचं, हे तेव्हा माहीत नव्हतं. डाग बघून मी सगळी हॉलमध्ये टीव्हीशेजारी आणली. तिथे महिन्याभरात त्यांच्या माना लांबल्या. दोन पानांमधलं अंतर वाढत गेलं, खालची पानं खाली वाकली, रंग फिकट झाला. पाहुणे म्हणायचे, ‘अगं, केवढी वाढली!’ ती वाढ नव्हती. झाड उजेड शोधत होतं. लांबलेली मान पुन्हा आखूड होत नाही. उजेडात आणल्यावर पुढची पानं जवळजवळ येतात एवढंच.

लिथॉप्स मेमध्येच गेली. २५० रुपयांची, दगडासारखी दिसणारी दोन पानांची वनस्पती. तिच्या फटीतून नवी जोडी वर येत होती, म्हणून आनंदाने मी पाणी घातलं. नवी पानं जुन्या पानांतलं पाणी शोषून वाढतात, जुनी कागदासारखी होईपर्यंत पाणी द्यायचं नसतं. माझी चार दिवसांत फुटली.

मग जून. सगळीकडे एकच सल्ला : पाणी कमी घाला. मी अक्षरशः पंधरा दिवसांनी एकेक चमचा घालत होते. तरीही ८ जुलैला पहिली एचेव्हेरिया गेली. सकाळी बोट लागलं आणि सहा पानं एकदम गळून पडली. खालची पानं उकडलेल्या कांद्यासारखी आरपार आणि मऊ झाली होती. खोड दाबलं तर आत काहीच नव्हतं. पुढच्या तीन आठवड्यांत आणखी सहा गेल्या.

सातवीच्या वेळी मी ब्लेड घेऊन बसले. स्पिरिटने पुसलेल्या ब्लेडने मातीपासून बोटभर वर खोड कापलं. कापात बाहेर हिरवं, मध्ये पांढरं आणि त्या दोहोंच्या मध्ये बारीक तपकिरी कडं. म्हणजे सड आत चढलेली. ब्लेड पुन्हा पुसून आणखी थोडं वर कापलं. कडं आता सुईच्या टोकाएवढ्या ठिपक्यांचं झालं होतं. आणखी वर. चौथ्या कापाला खोड स्वच्छ, फिकट हिरवं निघालं, आणि हातात राहिला फक्त गुलाबासारखा वरचा तुरा, खाली अर्धा सेंटिमीटर देठ. तो तुरा रिकाम्या चहाच्या कपावर पालथा न करता, देठ खाली लोंबकळता ठेवला, पंख्याच्या वाऱ्यात. बाराव्या दिवशी देठाला गुलाबी मुळं फुटली. हेच झाड आज माझ्याकडचं सर्वांत मोठं आहे. ब्लेड प्रत्येक कापानंतर पुसायचं, आणि तपकिरी ठिपका एकही शिल्लक ठेवायचा नाही, जीव तुटला तरी.

याच दिवसांत खालच्या मजल्यावरच्या काकूंची तक्रार आली. माझ्या कुंड्यांमधून निथळणारं मातकट पाणी त्यांच्या वाळत घातलेल्या कपड्यांवर पडत होतं. त्यांचं बरोबर होतं. मी लगेच ताटल्या लावल्या, आणि ताटल्यांमध्ये पावसाचं पाणी साचून उरलेल्यांतली आणखी दोन झाडं गेली. तोवर सोसायटीची नोटीसही आली होती : ग्रिलच्या बाहेरच्या कडेवरच्या कुंड्या सात दिवसांत काढाव्यात. मी त्याच संध्याकाळी काढल्या. कुंडी तिसऱ्या मजल्यावरून पडली तर काय होईल, हा विचार नोटीस येईपर्यंत माझ्या मनात आला नव्हता, हे मान्य करायला हवं.

१५ ऑगस्टला जोडून सुट्टी घेतली आणि जुन्नरला माहेरी गेले. मन खट्टू होतं. शिवनेरीच्या वाटेवर मामेभाऊ बरोबर होता, त्याला डोंगरातल्या वनस्पतींचा नाद. त्याने कड्याकडे बोट दाखवलं. काळ्या कातळाच्या फटीतून बोटभर जाडीच्या मांसल फांद्या लोंबत होत्या, त्यांना हिरवी पानं, आणि मधूनच तपकिरी-लाल, पिवळे ठिपके असलेलं चांदणीसारखं फूल. ‘शिंदळ माकडी,’ तो म्हणाला. फ्रेरिया इंडिका. मुंबई प्रांताचे गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या नावावरून हे नाव पडलं. ही वनस्पती फक्त महाराष्ट्रातल्या मोजक्या डोंगरांवर सापडते आणि तिचं अस्तित्व धोक्यात आहे, त्यामुळे दिसली तर लांबूनच बघा, फांदी आणू नका. पावसात तिला पानं फुटतात, कोरड्या दिवसांत ती गळतात आणि नुसतं मांसल खोड उरतं. ती आपली, इथली सक्युलंट.

मी तिथे बराच वेळ उभी होते. पाऊस तिच्यावर धो धो पडत होता. माझ्या एचेव्हेरियाला चमचाभर पाण्याने सड लागली आणि हिला काही होत नव्हतं! भाऊ म्हणाला, ‘पाणी थांबतंय कुठं? आलं की गेलं.’ मुळं कातळाच्या फटीत, मूठभर मातीत. पाणी वाहून जातं आणि पाठोपाठ वारा लागतो. माझ्या कुंडीत लाल माती आणि कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) होतं, ताटली होती, आणि भिंतीआड वारा नव्हता.

दुसऱ्या दिवशी आणखी एक गोष्ट करून पाहिली, ती मुद्दाम सांगते. घरामागच्या दगडी गडग्यावर पानफुटी आहे. सकाळी साडेसहाला तिच्या पानाचा छोटा तुकडा चावला आणि थुंकून टाकला. आंबट, चिंचेच्या कोवळ्या पाल्यासारखा. त्या दिवशी नशिबाने ऊन पडलं. दुपारी अडीचला त्याच झाडाचं पान चावलं तर फिकं, किंचित तुरट, आंबटपणाचा मागमूस नाही. ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत दक्षिण भारतात असलेल्या बेंजामिन हाइन यांनी पानफुटीबद्दल नेमकं हेच टिपलं होतं, १८१५ साली ते लंडनच्या लिनियन सोसायटीच्या नियतकालिकात छापून आलं. (पान गिळू नका. चव कळण्यापुरताच तुकडा पुरे.)

त्यामागचं कारण कळलं तेव्हा मला माझ्या कुंड्यांचं कोडं सुटलं. बहुतेक झाडं दिवसा पानांवरची छिद्रं उघडून हवेतला कार्बन डायऑक्साइड घेतात, आणि त्याच छिद्रांतून पाणीही उडतं. पानफुटीसारखी सक्युलंट दिवसा दारं बंद ठेवते. रात्री गारव्यात ती उघडते, कार्बन डायऑक्साइड आत घेते आणि तो मॅलिक आम्लाच्या रूपात साठवते. म्हणून सकाळी आंबट. दिवसा उजेड आला की त्याच साठ्यातून अन्न तयार होतं. रात्र गार असेल तर साठा चांगला होतो. आमच्या जुलैची रात्र उकाड्याची आणि दमट. अशा दिवसांत एचेव्हेरियासारखं झाड जवळजवळ थांबून जातं, पाणी ओढत नाही, आणि हवाही कुंडीतलं पाणी उडू देत नाही. मी घातलेला चमचा कमी की जास्त, हा प्रश्नच नव्हता. तो चमचा किती दिवस आत राहतो, हा होता.

घरी आल्यावर मी स्वयंपाकघरातला वजनकाटा काढला. चार इंची कुंडी, झाड आणि पूर्ण कोरडी माती मिळून ३१२ ग्रॅम. पाणी घालून निथळल्यावर ४६८. त्या पावसाळ्यात ती कुंडी सतराव्या दिवशी ४०१ वर होती. सतरा दिवस! नंतर डिसेंबरात, नव्या मातीत, तीच कुंडी सहाव्या दिवशी कोरडी झाली. बोट खुपसून किंवा वरची माती बघून हे कधीच कळलं नसतं, वरची माती तर दुसऱ्याच दिवशी सुकलेली दिसते. कुंडीच्या बुडाशी पेन्सिलने कोरडं वजन लिहून ठेवा. पाणी द्यायचं ते वजन पुन्हा तिथे आल्यावर, आणि तेव्हा चमच्याने न देता खालून वाहेपर्यंत द्यायचं. चमचा-चमचा पाण्याने मुळं वरच्या वर राहतात आणि अशक्त होतात.

ऑक्टोबर २०२४ मध्ये उरलेली पाचही झाडं काढून नव्याने लावली. शेजारी इमारतीचं काम चालू आहे, तिथून फुटक्या विटा आणल्या, पोत्यात घालून हातोडीने फोडल्या. वाळूच्या चाळणीतून भुगा खाली पाडला आणि हरभऱ्याएवढे तुकडे ठेवले. भुगा टाकायचाच, नाहीतर तो फटी बुजवतो. दोन भाग विटांचे तुकडे, एक भाग पेर्लाइट (पांढरे, हलके, सच्छिद्र दगडी दाणे), एक भाग जुनं गांडूळखत, मूठभर कोळसा. पेर्लाइट १८० रुपये, मातीच्या छोट्या कुंड्या ३० रुपयांना एक. मातीच्या कुंडीच्या भिंतीतूनही पाणी उडतं, पावसाळी भागात हा फरक वजनकाट्यावर दिसतो. मिश्रण नीट झालं का, याची माझी परीक्षा अशी : पाणी ओतलं की मनात दहा मोजायच्या आत ते खालून यायला हवं.

नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा खरा आनंदाचा काळ. रात्री गार झाल्या आणि झाडं हलली. मधोमध नवी, घट्ट, पांढऱ्या भुकटीची पानं येऊ लागली. ती भुकटी हाताने पुसू नका, पुन्हा येत नाही आणि उन्हापासून पानाला तीच वाचवते. याच दिवसांत महिन्यातून एकदा १९:१९:१९ (नत्र, स्फुरद, पालाश सारखंच असलेलं) खत, लिटरला अर्धा ग्रॅम, एवढंच दिलं. जास्त खताने पानं फुगतात आणि झाड ठिसूळ होतं.

पानांपासून रोपं करायलाही हाच मोसम. घोस्ट प्लांटची वीस पानं काढली. पान डावी-उजवीकडे हलवत देठाच्या मुळाशी साफ निघालं पाहिजे, तुटलं तर उगवत नाही. चार दिवस ताटलीत सावलीत ठेवली, मग मातीवर नुसती पसरली, पुरली नाहीत. तिसऱ्या आठवड्यात टोकाशी केसासारखी गुलाबी मुळं दिसली, आणि त्यांच्या बुडाशी मोहरीएवढा तुरा. आईपान दिवसागणिक सुरकुतत जातं आणि पिल्लू फुगत जातं. ते सुकलेलं पान ओढून काढायचा मोह होतो. काढू नका, आपोआप सुटू द्या. वीसपैकी अकरांना मुळं आली, सात जगली. घोस्ट प्लांटच्या शास्त्रीय नावात पॅराग्वे असलं तरी ती मेक्सिकोचीच, आणि ठाण्याच्या हवेत एचेव्हेरियापेक्षा कितीतरी सोशिक.

फेब्रुवारीत पिठ्या ढेकूण आला. पानांच्या बेचक्यात कापसासारखा पुंजका दिसला की त्याच दिवशी कुंडी वेगळी ठेवायची. कान साफ करायच्या काडीला सर्जिकल स्पिरिट लावून एकेक पुंजका टिपला, संध्याकाळी, ऊन गेल्यावर. दर चार दिवसांनी, तीन आठवडे. कंटाळवाणं काम आहे, पण एकदाच करून थांबलात तर अंड्यांमधून पुन्हा येतो.

आता कागदपत्रांचा भाग. पावसाचं थेट पाणी अडवायला ग्रिलवर पॉलिकार्बोनेटचा पत्रा हवा होता. १२ एप्रिल २०२५ ला सेक्रेटरीसाहेबांना अर्ज दिला. त्यांनी तो परत केला, कारण मापं आणि रेखाचित्र नव्हतं. १५ तारखेला ते जोडून पुन्हा दिला आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घेतली. पोच घ्याच, पुढे ती कामी आली. कमिटीची सभा महिन्यातून एकदा. एप्रिलची रद्द झाली. मेच्या सभेत अर्ज कुणाला सापडेना, तेव्हा मी पोच दाखवली. खालच्या काकूंची लेखी हरकत नाही असं पत्र हवं, असं ठरलं. मी संकोचत खाली गेले, आदल्या वर्षीच्या पाण्याबद्दल पुन्हा माफी मागितली आणि पत्रा उतरता असेल तर पाणी कुठे पडेल ते चित्र काढून दाखवलं. काकूंनी चहा दिला आणि सही केली, फक्त पत्र्याला पन्हळ लावायची अट घातली. ती अट चांगलीच होती.

२१ मेला ना हरकत पत्र मिळालं. अटी अशा : पत्रा ग्रिलच्या बाहेर जाणार नाही, बाहेरच्या भिंतीला भोक पाडायचं नाही, बाहेरच्या कडेवर कुंडी नाही, २,००० रुपये अनामत. पत्रा, पन्हळ आणि मजुरी मिळून ३,८०० रुपये. पण तोवर पाऊस सुरू झाला होता. २६ मेला मोसमी पाऊस मुंबईत दाखल झाला, तोवरच्या नोंदींतला सर्वांत लवकरचा. फॅब्रिकेशनवाले दादा भर पावसात येईनात. ते दहा दिवस सगळ्या कुंड्या हॉलच्या फरशीवर, पंख्याखाली. आम्ही घरातले पाय जपून टाकत फिरत होतो. ३१ मेला दोन तासांची उघडीप मिळाली आणि पत्रा बसला. तुम्हाला असं काही करायचं असेल तर अर्ज जानेवारीतच द्या.

हा दुसरा पावसाळा असा काढला : पत्र्याखाली, ताटल्यांशिवाय, कुंड्या लोखंडी जाळीच्या फळीवर, खालूनही हवा. निथळणारं पाणी पन्हळीसारख्याच एका ट्रेमधून आत बादलीत. जुना टेबलफॅन दिवसा चार तास. जून ते सप्टेंबर एचेव्हेरियांना एकूण तीन वेळाच पाणी दिलं, वजन बघून. हावर्थिया आणि घोस्ट प्लांटला पाच-सहा वेळा. अडेनियमचं उलटं. ते पूर्व आफ्रिका आणि अरबस्तानातलं, त्याला ऊब आवडते, जूनमध्ये त्याला पानं आणि फुलं दोन्ही आली, आणि माती विटांची असल्याने त्याने पाऊसही सोसला. एकाच फळीवर दोन झाडं, एक झोपलेलं आणि एक जागं. दोघांना एका दिवशी एका मापाने पाणी देऊन चालत नाही.

तीन गेल्या. दोन एचेव्हेरिया सडल्या, त्यांचे तुरे वाचवता आले नाहीत. तिसरी हावर्थिया, राणीच्या बागेहून आणलेली ती पहिलीच. तिला सड नव्हती, मुळांना ढेकूण लागला होता आणि तो मातीत असल्याने मला दिसला नाही. तिच्या बुडाशी दोन पिल्लं होती, ती वेगळी करून लावली आहेत. नवं कोणी मागितलं तर मी आता ठाणे-मुंबईसाठी हावर्थिया, गॅस्टेरिया, बारीक पानांचा जेड आणि घोस्ट प्लांट सांगते. भुकटीवाली एचेव्हेरिया एक पावसाळा काढल्यावर घ्या, लिथॉप्स सध्या नकोच.

काल रात्री पहिल्यांदा पंखा बंद करावासा वाटला. सकाळी सगळ्या कुंड्या काट्यावर ठेवल्या. २३ पैकी १९ कोरड्या वजनाला आलेल्या, त्यांना भरपूर पाणी दिलं. अडेनियमची पानं पिवळी पडू लागली आहेत. त्याचं पाणी हळूहळू कमी करत फेब्रुवारीपर्यंत जवळजवळ थांबवायचं आहे. हावर्थियाच्या एका पिल्लाला हलकेच बोटाने हलवून पाहिलं. ते हललं नाही, म्हणजे खाली मुळं धरली आहेत.